नवनीत : घरच्या घुसळणाची लोपत चाललेली विद्या

श्रावण वद्य अष्टमीच्या मध्यरात्री श्रीकृष्णजन्म झाल्यावर बाळकृष्णाच्या मुखास लोणी-साखर लावण्याचा प्रघात आपणा सर्वांस परिचित आहे. पंढरपुरी श्रीविठ्ठलासही पहाटेच्या काकडआरतीच्या वेळी लोणी-साखरेचाच नैवेद्य दाखवितात. देवाच्या ताटात पक्वान्ने अनेक असतात. पण दुधाला विरजण लागले की पुढे लोणी निघेपर्यंत चुलीची गरज नाही, मसाल्याची नाही. हात, दोरी, रवी आणि धीर एवढ्याच भांडवलावर लोणी वर येते. म्हणूनच ते गरिबाच्या घरीही निघत असे आणि देवासही प्रिय मानले गेले.

परंतु हे लोणी आज आपल्या घरी येते कोठून? पुष्कळ घरांचे उत्तर ‘दुकानातून’ असेच येईल. दुकानातील पाकिटात जे पिवळे लोणी मिळते त्यात बहुधा मीठ मिसळलेले असते व रंगही घातलेला असतो. ते पावास लावण्यासाठी केलेले असते, नैवेद्यासाठी नव्हे. अष्टमीच्या दिवशी कित्येक घरांत आयत्या वेळी हीच अडचण उभी राहते. बिनमिठाचे पांढरे लोणीही विकत मिळते, हे खरे. परंतु ते विकत आणताना आपण काय घरी आणतो आणि काय आणीत नाही, याचा विचार प्रस्तुत लेखात करावयाचा आहे. वडीलधाऱ्या वाचकांस आम्ही नवे ते काय सांगणार? ज्या माताभगिनींनी आयुष्यभर रवी ओढली त्यांच्याकडूनच आम्ही हे ऐकले व पाहिले आहे. ज्या मुलामुलींनी घुसळण पाहिलेलेच नाही, त्यांच्यासाठी हा पाठ मुख्यत्वे लिहीत आहोत.

शब्दांचा अर्थ

‘नवनीत’ म्हणजे नुकतेच काढलेले. लोण्याचा ताजेपणा त्याच्या नावातच आहे. संस्कृतात ‘हैयंगवीन’ असा आणखी एक शब्द आहे. कालच्या धारेच्या दुधापासून काढलेले ताजे लोणी-तूप, असा त्याचा अर्थ; आणि या एका शब्दासाठी पाणिनीने अष्टाध्यायीत स्वतंत्र सूत्र रचिले आहे. कालिदासाच्या रघुवंशात दिलीप राजा राणीसह वसिष्ठाश्रमी निघाला असता वाटेत गवळीवाड्यातील वृद्ध मंडळी हेच हैयंगवीन भेट म्हणून घेऊन येतात. राजाला द्यावयाची भेट म्हणून गावाला सुचले ते आपल्या हाताने काढलेले लोणी-तूपच!

आमच्या संतांनी तर घुसळण हेच विचाराचे रूपक केले. ज्ञानेश्वरीच्या पहिल्याच अध्यायात व्यासांच्या बुद्धीने शब्दब्रह्मरूपी सागराचे मंथन करून नवनीत काढले व मग ते ज्ञानाग्नीवर विवेकाने कढविले, असे वर्णन आहे. नाथांच्या गवळणी, भागवतातील उखळाला बांधलेला दामोदर, मंदराची रवी व वासुकीची दोरी करून केलेले समुद्रमंथन, या सर्वांच्या मुळाशी घराच्या पडवीतील डेरा आहे. हे रूपक ऐकताच आजी मान डोलावते, कारण लोणी कढविण्याचा वास तिच्या नाकास ठाऊक आहे. नातवास मात्र प्रथम रवी म्हणजे काय तेच समजावून सांगावे लागते. वस्तू गेली की शब्द काही काळ उरतो. पण तो रिकाम्या मडक्यासारखा वाजतो.

आपल्या आदिलाबादकडे तर हा शब्दसंसार दुहेरी आहे. १९५६ साली हैदराबाद संस्थानाच्या मुलखाची भाषेनुसार वाटणी झाली. किनवट व राजुरा हे मराठीबहुल भाग तेव्हाच्या मुंबई राज्यात गेले, आणि पैनगंगेच्या अलीकडील आपली मराठी घरे तेलुगू शेजारात राहिली. २०१६ साली जुन्या जिल्ह्याचे चार जिल्हे झाले, तरी बेला, जैनथ, तलमडगू या बाजूस मराठी घरे आजही पुष्कळ आहेत. त्यामुळे आपल्या ओसरीवर लोण्यास ‘वेन्न’, तुपास ‘नेय्यी’, ताकास ‘मज्जिग’ किंवा ‘चल्ल’ आणि रवीस ‘कव्वम्’ म्हणणारी शेजारीण नेहमीच असे. भाषा दोन, पण डेरा एकाच घाटाचा व दोरी ओढण्याची रीतही एकच.

साधने

घुसळणास लागणारी सामग्री थोडी. मातीचा मोठा डेरा. तो डळमळू नये म्हणून त्याच्या बुडाशी चुंबळ. खाली चार पाकळ्यांचा गड्डा असलेली लाकडी रवी. ती उभी धरून ठेवण्यासाठी भिंतीलगतचा घुसळखांब व त्यास बांधलेली दोरीची कडी. आणि रवीला दोन-तीन वेढे देऊन दोन्ही हातांनी ओढावयाची लांब दोरी. लोणी ठेवावयास लहान गाडगे आणि ते मांजरापासून वाचवावयास आढ्यास टांगलेले शिंके. आपल्या भागात सागाची अरण्ये जवळ. आमच्या घरचा खांब सागाचाच होता, आणि दोरीच्या घर्षणाने त्यावर बोटभर खोल खाच पडलेली होती. किती हातांनी किती वर्षे दोरी ओढली असेल याचा हिशेब त्या खाचेतच लिहिलेला होता.

डेरा मातीचा असण्यात सोयही होती. मातीच्या भांड्यातून पाणी किंचित पाझरते, त्याची वाफ होते आणि आतील दही थंड राहते. उन्हाळ्यात जेथे पारा ४४-४५ अंशांपर्यंत चढतो तेथे हा गारवा फार मोलाचा. पितळेचे भांडे दिसावयास चकचकीत खरे, पण ते हा गारवा देत नाही. शिवाय कल्हई गेलेल्या पितळेत आंबट ताक कळकते, हे प्रत्येक गृहिणीस ठाऊक असे.

कृती

दूध प्रथम तापवावे लागते. जुन्या घरांत ते चुलीच्या वैलावर, गोवरीच्या मंद आचेवर बराच वेळ तापत राही. त्यामुळे त्यावर जाड साय येई व दुधास किंचित तांबूस रंग चढे. तापविण्याने दुधातील रोगजंतूही मरतात. तेव्हा कच्च्या दुधाचे लोणी काढण्याची हौस कोणी करू नये. जुन्या रीतीतही दूध तापविल्यावाचून विरजत नसत.

मग दूध कोमट होऊ द्यावे. करंगळी बुडविली असता चटका न बसता ऊब लागावी, ही परीक्षा. एका लिटरास लहान चमचाभर ताजे, गोड दही विरजण म्हणून पुरते. विरजण जास्त झाले की दही लवकर आंबते. वैशाखात पाच-सहा तासांत दही लागते. पौषात आपल्या जिल्ह्यातील थंडी तेलंगणात सर्वांत कडक, काही रात्री पारा ५ अंशांच्याही खाली उतरतो, तेव्हा भांडे घोंगडीत गुंडाळून चुलीजवळ ठेवावे लागते आणि तरी बारा तास वाट पाहावी लागते. दही अधमुरे राहिले तर लोणी कमी निघते. फार आंबले तर लोण्यास उग्र वास येतो. दुभते थोडे असेल त्या घरी दोन-तीन दिवसांची साय व दही साठवून मग घुसळीत.

घुसळण पहाटे करीत. यास भाविकतेइतकेच व्यावहारिक कारण होते. दुधातील स्निग्धांशाचे सूक्ष्म कण असतात व प्रत्येक कणाभोवती एक पातळ पापुद्रा असतो. रवीच्या घुसळणाने व त्यात मिसळणाऱ्या हवेच्या बुडबुड्यांनी हा पापुद्रा फाटतो आणि कण एकमेकांस चिकटू लागतात. पण हे घडावयाचे तर स्निग्धांश पुरता वितळलेलाही नसावा व पुरता गोठलेलाही नसावा. ऊन चढले की तो पातळ होऊन ताकातच विरतो. फार गारठा असला तर कण टणक राहून चिकटत नाहीत. म्हणून उन्हाळ्यात माठातील गार पाणी व हिवाळ्यात कोमट पाणी डेऱ्यात घालावयाचे. पाणी केव्हा आणि किती घालावयाचे, हे मात्र तांब्याने मोजून शिकता येत नाही. हात दोरीवर असतानाच ते कळते.

आजीने आम्हांस डोळ्यांपेक्षा कानाने घुसळण ओळखावयास शिकविले. आरंभी दही घट्ट, तेव्हा आवाज जड व बुडबुडीत. मग फेस चढतो, आवाज मऊ होतो व रवी हलकी चालते. नवशिक्यास वाटते की आता काही निघत नाही. येथेच पुष्कळ जण दोरी सोडतात. आणखी थोडे ओढले की फेस एकाएकी बसतो, ताक पातळ होऊन खळखळू लागते आणि रवीच्या पाकळ्यांवर मोहरीएवढे कण दिसतात. मग ज्वारीच्या दाण्याएवढे. आता वेग कमी करावयाचा, थोडे पाणी घालावयाचे आणि हलक्या हाताने कण गोळा होऊ द्यावयाचे. अर्धा-पाऊण तासाचे हे काम. पण शेवटच्या पाच मिनिटांत केलेली घाई मागचा सगळा श्रम बुडविते.

गोळा झालेले लोणी हात गार पाण्यात बुडवून वर काढतात आणि दोन-तीन पाण्यांनी धुतात. ताकाचा अंश आत राहिला की लोणी लवकर आंबते. गाईचे लोणी पिवळसर व म्हशीचे पांढरे का, असे मुले विचारतात. हिरव्या चाऱ्यातील कॅरोटीन हे पिवळे द्रव्य गाईच्या दुधात उतरते. म्हैस त्याचे ‘अ’ जीवनसत्त्वात रूपांतर करून टाकते, म्हणून तिचे लोणी पांढरे. सरकी खाणाऱ्या जनावराचे लोणी टणक होते, हेही आपल्या कापसाच्या मुलखातील बायका पूर्वापार जाणून होत्या.

कढविणे

लोणी चार-सहा दिवसांपेक्षा टिकत नाही. तूप महिनोन्महिने टिकते. लोण्यात सुमारे पाचवा हिस्सा पाणी व ताकाचा अंश असतो. मंद आचेवर हे पाणी उडून जाते. प्रथम फेस, मग तडतड. तडतड थांबली की पाणी संपले असे समजावे. तळाची बेरी बदामी झाली व घरभर वास सुटला की भांडे लागलीच उतरावयाचे. कोणी त्यात विड्याचे पान घालतात, कोणी चार दाणे मीठ. हळूहळू निवू दिले तर तूप रवाळ होते. आणि बेरीत गूळ मिसळून ती मुलांच्या हातावर ठेवली जाई. त्या वाटपाच्या वेळी कोणास हाक मारावी लागत नसे.

ताकाचा धर्म

येथवर लोण्यातुपाची गोष्ट झाली. परंतु आमच्या मते घुसळणाचे खरे सामाजिक फळ लोणी नव्हेच. ते ताक होय.

विचार करावा. घुसळण झाले की लोणी मूठभर व ताक डेराभर. लोणी-तूप घरात राही किंवा आठवडी बाजारास जाई. ताक टिकत नाही व एका कुटुंबास संपत नाही. म्हणून ते वाटले जाई. ज्यांच्या घरी दुभते नाही त्यांची मुले सकाळी तांब्या घेऊन दारात उभी राहत, आणि ताकाचे पैसे घेणे हीनपणाचे समजत. ‘ताकाला जाऊन भांडे लपविणे’ ही म्हण आपण सहज वापरतो. ती तयार झाली ती याच चालीतून. ताक मागावयास जाणे ही नित्याची गोष्ट होती. त्यात लपविण्यासारखे काही नव्हते, असे ही म्हण सुचविते. ज्वारीची भाकर, ताक, मीठ व कांदा हे शेतमजुराचे न्याहारीचे अन्न होते. मे महिन्याच्या उन्हात त्याच्या पोटास गारवा व अंगास बळ शेजारच्या डेऱ्यातून मिळत असे.

आयुर्वेदानेही ताकाचा विचार किती बारकाईने केला आहे पाहा. भावप्रकाशात त्याचे पाच प्रकार सांगितले आहेत: सायीसह, पाणी न घालता घुसळलेले ते घोल, साय काढून, पाणी न घालता घुसळलेले ते मथित, चतुर्थांश पाणी घातलेले ते तक्र, निम्मे पाणी घातलेले ते उदश्वित्, आणि सार काढून भरपूर पाणी घातलेले ते छच्छिका. ज्या समाजाने ताकातील पाण्याच्या प्रमाणास पाच नावे दिली त्या समाजात ताक किती घरोघर होते, हे निराळे सांगावयास नको.

हे का थांबले?

तरुण सुनांना कष्ट नकोत म्हणून घुसळण थांबले, असा दोष देणे सोपे आहे. पण तो अन्याय आहे. कारणे याहून खोल आहेत.

पहिले कारण म्हणजे दूधच विकले जाऊ लागले. पूर्वी खेड्यातील दूध शहरापर्यंत पोहोचेतो नासे. म्हणून दुधाचे तूप करूनच ते बाजारात नेता येई. घुसळण ही एका अर्थी दूध टिकविण्याची युक्ती होती. स्वीडनच्या गुस्ताफ द लाव्हाल याने १८७८ साली साय वेगळी करणारे यंत्र तयार केले आणि जगभर हाताच्या रवीस प्रतिस्पर्धी उत्पन्न झाला. आपल्या देशात १९३७ साली ‘डालडा’ बाजारात आले आणि स्वस्त वनस्पती तुपाने खेड्यातील तुपाच्या गिऱ्हाइकासच हात घातला. पुढे १९४६ साली गुजरातेत खेडा जिल्ह्याचा सहकारी दूध संघ स्थापन झाला, १९६५ साली राष्ट्रीय दुग्धविकास मंडळ निघाले आणि १९७० ते १९९६ या काळात ‘दुधाचा महापूर’ योजना चालली. १९९८ पासून भारत दूध उत्पादनात जगात पहिला आहे. आज तेलंगणातही ‘विजया’ या नावाने सहकारी दूध विकले जाते. ज्या गावी दूध गोळा करणारी गाडी येऊ लागली त्या गावी सकाळचे दूध दारातूनच रोख पैशाचे झाले. मग विरजावयास दूध उरावे कसे?

या पैशाने शेतकऱ्याचे भले झाले, हे आम्ही मान्य करतो. त्याचबरोबर एक गोष्ट घरातील वडीलधाऱ्या स्त्रिया बोलून दाखवितात, तीही ऐकावी. तुपाचा पैसा गृहिणीच्या हाती असे. डेऱ्यावर सत्ता तिची. बाजारात तूप गेले तर त्याच्या पैशातून मुलीची बांगडी, माहेरची वाट, अडीनडीची शिल्लक ती स्वतः करी. दुधाचा पैसा पुष्कळ घरी पुरुषाच्या नावाने जमा होतो. तिचे कष्ट कमी झाले, पण तिच्या हातचा पैसाही गेला.

दुसरे कारण चाऱ्याचे. आपल्या जिल्ह्यात आज शेतोशेती कापूस व सोयाबीन दिसते. ज्वारीचे क्षेत्र घटले तसा कडबाही घटला. कापसाच्या पराटीने चूल पेटते, जनावराचे पोट भरत नाही. जंगलातील चराईही पूर्वीसारखी राहिलेली नाही. तिसरे कारण नांगराचे. ट्रॅक्टर आला तेव्हा बैल गेले. बैल गेले तेव्हा बैलासाठी पाळावयाची गायही गेली. शेजारच्या नांदेडकडील लाल कंधारी, वर्ध्याकडील गवळाऊ या गाई दुधापेक्षा बैलांसाठीच नावाजलेल्या. लांब तलवारीसारख्या शिंगांची नागपुरी म्हैस मात्र दाट दुधाची. गोठ्यातील ही सरमिसळ मोडली आणि दुभते हे शेतीचे अंग न राहता वेगळा धंदा झाला.

चौथे कारण मनुष्यबळाचे. सासू, जाऊ, नणंद एका छपराखाली होत्या तेव्हा दोरी हातोहात फिरे. आता घरात एकटी सून, आणि ती शेतावर किंवा नोकरीवर. पहाटे चारला उठून जाते, घुसळण व पाणी ही तिन्ही कामे करणाऱ्या बायांच्या खांद्यांची व पाठीची काय दशा होई, हेही आम्ही पाहिले आहे. ते कष्ट पुन्हा तिच्या माथी मारावेत असे आम्ही मुळीच म्हणत नाही. जुन्या काळाची आरती ओवाळताना त्या काळची पाठदुखी विसरू नये.

मग राखावयाचे काय?

रोजचे घुसळण परत येणार नाही. परंतु विद्या राखण्यास रोजची गरज नसते. वेदपाठाचे एखादे सूक्त वर्षातून एकदाच म्हणावयाचे असते, तरीही ते पाठ असलेले कोणी तरी घरात असावे लागते. घुसळणाचेही तसेच आहे. पाणी केव्हा घालावे, आवाज केव्हा बदलतो, कण कधी गोळा करावे हे ज्ञान पुस्तकात उतरत नाही. आम्ही वर एवढे लिहिले तरी ते वाचून कोणास लोणी निघेलच अशी खात्री देता येत नाही. एका हाताने दुसऱ्या हातास ते द्यावे लागते. ज्यांच्या हातांत ते आहे त्या आज सत्तर-ऐंशीच्या घरात आहेत. ही मुदत कोणाच्याही विनवणीने वाढत नाही.

म्हणून मंदिर परिवारातील कुटुंबांस आमची विनंती आहे की, वर्षातून निदान दोन वेळा, गोकुळाष्टमीस व कार्तिकातील काकड्याच्या दिवसांत, घरी घुसळण करावे. दोरी केवळ आईच्या हाती देऊ नये. बापाने व मुलग्यांनीही ओढावी. ज्या देवाने गोकुळात लोणी चोरून खाल्ले, त्याच्या भक्तांनी ते काढावयास लाजू नये.

घरी करून पाहण्याचा पाठ

दोन लिटर चांगले सायीचे दूध घ्यावे. पाकिटाचे घ्यावयाचे तर ‘फुल क्रीम’ घ्यावे. त्यात निदान ६ टक्के स्निग्धांश असतो, ‘टोन्ड’ दुधात ३ टक्केच. पाकिटावर ‘होमोजिनाइज्ड’ असे लिहिलेले दूध घेऊ नये. त्यातील स्निग्धांशाचे कण यंत्राने इतके बारीक केलेले असतात की साय धरत नाही व लोणी नीट निघत नाही. गावात म्हशीचे दूध मिळत असेल तर तेच उत्तम.

दूध तापवून, कोमट करून, सायीसह विरजावे. दुसऱ्या दिवशी पहाटे खोलगट भांड्यात घालून रवीने घुसळावे. खांब नसेल तर रवी दोन्ही तळहातांत धरून फिरविली तरी चालते. ऋतू पाहून गार किंवा कोमट पाणी घालावे. हिशेबाने ६ टक्क्यांच्या दोन लिटर दुधात सुमारे १२० ग्रॅम स्निग्धांश असतो. त्याचे जास्तीत जास्त दीडशे ग्रॅम लोणी व्हावे. थोडा अंश ताकात राहतोच, म्हणून शंभर-सव्वाशे ग्रॅम निघाले तरी हात साधला असे समजावे. पहिल्या वेळी त्याहून कमी निघाल्यास खट्टू होऊ नये, आजीस बोलवावे.

आणि राहिलेले ताक फेकू नये, की सगळे आपणच पिऊन संपवू नये. त्यात मीठ, जिरे, कोथिंबीर घालून निदान दोन शेजारघरी पाठवावे. एक मराठी, एक तेलुगू. नैवेद्याच्या लोण्याबरोबर एवढे ताकही पोहोचले तरच घुसळण पूर्ण झाले, असे आम्ही मानतो.

मुलामुलींनी आजीआजोबांस विचारावयाचे प्रश्न

१. आपल्या घरी डेरा कोठे ठेवीत? घुसळखांब आजही आहे काय? त्यावर दोरीची खाच शोधा.

२. तुम्हांस घुसळावयास कोणी शिकविले, आणि तेव्हा तुमचे वय काय होते?

३. थंडीत व उन्हाळ्यात पाणी घालण्यात काय फरक करीत?

४. लोणी येत नसे तेव्हा काय उपाय करीत?

५. आपल्या घरचे ताक कोणाच्या घरी जात असे? त्या घरची माणसे आज कोठे आहेत?

६. तूप कढले हे वासाने ओळखीत, की आवाजाने?

उत्तरे वहीत लिहून ठेवावीत आणि खाली सांगणाराचे नाव व गाव घालावे. पाचव्या प्रश्नाचे उत्तर मिळाल्यावर, ते घर गावात असेल तर पुढच्या अष्टमीचे ताक प्रथम तेथे न्यावे.